नायकाच्या पोटातलं जहाज

बुद्धिबळात प्यादं वजिराला मारतं तेव्हा वजीर पूर्ण मरतो. तो अर्धा जखमी होत नाही, लंगडत मागे सरत नाही. हत्तीचा मार प्याद्यापेक्षा जोराचा असतो, असंही काही नाही. मोहरा एकतर पटावर असतो किंवा पटाबाहेर. आजच्या कुठल्याही ऑनलाइन ॲक्शन गेममध्ये मात्र गोळी लागली की समोरच्याच्या डोक्यावरून आकडे उडू लागतात: ४७, ४७, क्रिट, म्हणजे दुप्पट मार, बसला की ९४. त्याची लाल पट्टी आखडत जाते, पण शेवटचा एक पॉइंट उरेपर्यंत गडी धडधाकट! तसाच धावतो, तसाच नेम धरतो, तितक्याच ताकदीने मारतो. कुठल्याही माणसाचं शरीर असं वागत नाही. मग गेममधलं शरीर असं का वागतं, आणि कुठलं हत्यार सेकंदाला किती मार देतं याचे तक्ते मांडत बसणारे खेळाडू नेमका कशाचा हिशेब करत असतात? या प्रश्नाचं बोट धरून मागे गेलं, की वाटेत एक लोखंडी जहाज लागतं.

हत्याराचा मार आकड्यात धरण्याचा ध्यास आधी लागला तो तोफखान्यातल्या लोकांना. इंग्लंडचा बेंजामिन रॉबिन्स हा त्यातला मोठा माणूस. १७४२मध्ये आलेल्या ‘न्यू प्रिन्सिपल्स ऑफ गनरी’ या पुस्तकात त्याने एक साधं यंत्र मांडलं: टांगलेला जड लाकडी ठोकळा. बंदुकीची गोळी त्यात घुसते, ठोकळा झोका घेतो आणि झोका किती लांब गेला यावरून गोळीचा वेग काढता येतो. तोवर गोळी ‘जोरात’ जायची, आता तिला सेकंदाला अमुक फूट असा वेग मिळाला. ऑयलरसारख्या गणितज्ञाने तीनच वर्षांत या पुस्तकाचं जर्मन भाषांतर केलं, तेही मूळ मजकुराला मागे टाकतील एवढ्या टिपा जोडून. हाच रॉबिन्स पुढे ईस्ट इंडिया कंपनीचा इंजिनिअर म्हणून किल्ल्यांच्या तटबंदीच्या कामासाठी मद्रास इलाख्यात आला आणि १७५१मध्ये कडलूरजवळच्या फोर्ट सेंट डेव्हिडमध्ये वारला.

पण गोळीचा वेग कळला म्हणून समोरची किती माणसं पडतील ते कळत नाही. तो हिशेब प्रशियात झाला आणि झाला तो खेळाच्या निमित्ताने. शेजारच्या ब्रुन्स्विकमध्ये १७८०च्या सुमारास हेल्विग नावाच्या गणिताच्या प्राध्यापकाने बुद्धिबळ फुगवून युद्धाचा खेळ बनवला होता, पण मारण्याची रीत बुद्धिबळाचीच ठेवली होती. पुढे प्रशियात राइसविट्झ नावाच्या सरदाराने १८१२मध्ये राजासाठी खणाखणांचं एक देखणं टेबल बनवलं. त्याचा मुलगा तोफखान्यात अधिकारी होता. त्याने १८२४मध्ये टेबल बाजूला सारलं, १:८०००च्या नकाशावर तुकड्यांचे ठोकळे मांडले आणि फासे हाती घेतले. अमुक अंतरावरून अमुक तुकडीने गोळीबार केला, फाशावर अमुक पडलं, तर समोरच्या तुकडीचं इतकं नुकसान, असा तक्ता त्याने तयार केला. त्यामागे खरे आकडे होते. प्रशियाच्या सैन्यात बंदुकांच्या चाचण्या झालेल्या होत्या आणि शार्नहोर्स्टने १८१३मध्ये बंदुकीच्या माऱ्याच्या परिणामावर आख्खं पुस्तक लिहिलं होतं.

या खेळातला एक डाव म्हणजे रणांगणावरची २ मिनिटं. म्हणजे तक्ता सांगायचा तो ‘दर २ मिनिटांना किती नुकसान’. आज गेमर ज्याला डीपीएस म्हणतो, डॅमेज पर सेकंद, त्याचा हा पणजोबा. सेकंद नंतर आला, पण ‘मार भागिले वेळ’ ही मांडणी इथेच झाली.

सैन्याला खेळ आवडला. जनरल स्टाफचे प्रमुख म्युफ्लिंग यांनी तो सगळ्या सैन्यात पोचवायची शिफारस केली. तरुण राइसविट्झच्या वाट्याला मात्र बरोबरीच्यांचा हेवा आणि आडगावची बदली आली, आणि १८२७मध्ये त्याने स्वतःवर गोळी झाडून घेतली. पुढच्या पिढीतल्या अधिकाऱ्यांना त्याच्या तक्त्यांचा कंटाळा आला. दर डावाला पानं उलटायची, बेरजा करायच्या, तोवर लढाईचा जीव जायचा. १८७६मध्ये व्हर्दी द्यु व्हर्नुआ या जनरलने तक्ते आणि फासे दोन्ही फेकून दिले: अनुभवी पंच सांगेल तेवढं नुकसान. मला यात व्हर्दीची बाजू पटते, पण इतिहास त्याच्या बाजूने गेला नाही. पंचाचा शब्द शिस्तीच्या सैन्यात चालतो. मित्रामित्रांत, पैज लागलेली असताना, तो भांडणाचं मूळ होतो. आकडा टिकला तो अचूक होता म्हणून टिकला, असं मला वाटत नाही. त्याच्याशी वाद घालता येत नाही, म्हणून टिकला.

पुढे आणखी एक धागा कातला गेला. इंग्लंडमध्ये मोटारी बनवणारा फ्रेडरिक लँचेस्टर याने १९१४मध्ये लिहायला घेतलेला आणि १९१६मध्ये पुस्तकात आलेला एक नियम असा: दोन्ही बाजू एकमेकांवर मोकळेपणी नेम धरू शकत असतील, तर फौजेची ताकद संख्येच्या वर्गाने मोजावी. १,००० विरुद्ध ७५०, शस्त्रं सारखी, दोघंही शेवटपर्यंत लढले, तर १,०००वाल्यांचे २५० नाही, सुमारे ६६० उरतात. एकेक शत्रू संपला की त्याच्या बंदुका कायमच्या थांबतात, म्हणून सगळ्यांनी मिळून एकालाच आधी संपवावं. आज रेडमध्ये, म्हणजे सगळ्यांनी मिळून केलेल्या चढाईत, घुसलेली टोळी हेडफोनवर ‘आधी हा, आधी हा’ असं ओरडत असते ती याच नियमावर चालते, लँचेस्टरचं नाव कुणी ऐकलेलं नसलं तरी.

आता जहाज. माणूस एका गोळीने पडतो, जहाज पडत नाही. ते पाणी भरत भरत, एकेक तोफ गमावत, वेग कमी करत लढत राहतं. त्यामुळे ‘थोडं मेलं’ ही कल्पना आरमारी खेळांत आपसूक आली. १८९८मध्ये फ्रेड जेनने जहाजांच्या चित्रांचे चौकोन पाडले आणि मार कुठे बसला ते टाचणी लावलेल्या पट्टीने ठरवायची सोय केली. अमेरिकेत फ्लेचर प्रॅट या लेखकाने पुढची पायरी गाठली. तोफेच्या नळीच्या व्यासाचा वर्ग, गुणिले तोफांची संख्या, त्यात चिलखताच्या पत्र्याची जाडी, वेग, वजन, असं सगळं एका सूत्रात घालून तो प्रत्येक जहाजाला एकच आकडा द्यायचा. गोळा बसला की त्या आकड्यातून वजाबाकी. १९४०मध्ये त्याचे नियम पुस्तकरूपात आले. तोवर न्यूयॉर्कमधल्या त्याच्या घरी आणि मग मोठ्या हॉलमध्ये बायका-पुरुष जमिनीवर ओणवे होऊन लाकडी जहाजांमधलं अंतर डोळ्याने अजमावत असत. प्रॅटच्या जहाजाचे पॉइंट घटले की त्याचा वेग आणि तोफाही घटत. हे लक्षात ठेवायचं, कारण पुढे नेमकं हेच गळून पडलं.

डेव्ह आर्नसन हा मिनेसोटातला तरुण. १९७१च्या आसपास तो ब्लॅकमूर नावाचा कल्पित मुलूख रचून मित्रांना त्यात खेळवत होता. हाताशी होते गॅरी गायगॅक्स आणि जेफ पेरेन यांचे ‘चेनमेल’ नावाचे नियम. ते फौजांसाठी लिहिलेले. त्यात शूरवीर चार माणसांच्या बरोबरीचा धरलेला, पण घाव बसला की माणूस गेला, हीच रीत. फौजेत हे चालून जातं. पण ज्या पोराने महिनाभर एकच वीर जपला, त्याला नाव दिलं, त्याच्यासाठी खजिना साठवला, त्याचा वीर एका फाशावर मेला तर पोरगं दुसऱ्या दिवशी खेळायला येत नाही. आर्नसनकडे त्याचेच अमेरिकन यादवी युद्धातल्या लोखंडी जहाजांचे नियम होते. ९ मार्च १८६२ रोजी हॅम्प्टन रोड्सच्या खाडीत ‘मॉनिटर’ आणि ‘व्हर्जिनिया’ ही दोन लोखंडी पत्र्यांची जहाजं काही तास एकमेकांवर गोळे झाडत राहिली आणि कुणीच कुणाला बुडवू शकलं नाही. अशा लढाईसाठी केलेली मोजणी, किती मार खाल्ला आणि किती शिल्लक, ती आर्नसनने उचलून वीराच्या अंगावर चढवली. हिट पॉइंट त्यातून आले.

पण चढवताना त्याने जहाजाचं लंगडणं सोबत आणलं नाही. पॉइंट घटले म्हणून वीराचा हात जड होत नाही, पाय ओढला जात नाही. बरोबरच आहे, कुणाला लंगडा वीर खेळवायचाय? जहाजासारखा टिकाऊ, आणि जहाजाला न जमणारं असं शेवटच्या पॉइंटपर्यंत ताजंतवानं राहणारं शरीर त्यातून जन्माला आलं. पुढचं सगळं गणित या एका तडजोडीवर उभं आहे. माणूस जखमेगणिक दुबळा होत असता, तर पहिला घाव मोठा बसणं हे सगळ्यात मोलाचं ठरलं असतं आणि ‘सेकंदाला सरासरी किती’ या आकड्याला फारसा अर्थ उरला नसता. पट्टीतला प्रत्येक पॉइंट दुसऱ्यासारखाच असला, तरच नुसती बेरीज आणि भागाकार पुरतो.

१९७४मध्ये ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ बाजारात आलं तेव्हा खंजीर, तलवार, परशू सगळ्यांचा मार सारखाच: सहा बाजूंच्या एका फाशावर पडेल तो. साध्या माणसाचे पॉइंटही त्याच फाशावर. म्हणजे एक घाव, एक माणूस, ही जुनी रीत सरासरीच्या रूपात शाबूत होती. पुढच्याच वर्षी ‘ग्रेहॉक’ ही पुरवणी आली आणि तिने खंजिराला १ ते ४, तलवारीला १ ते ८, दोन हातांच्या तलवारीला १ ते १० असा मार वाटून दिला. झालं! त्या दिवसापासून हत्यार निवडणं म्हणजे गणित करणं झालं. आठ बाजूंच्या फाशाची सरासरी ४.५. चार बाजूंचे दोन फासे टाकले तर ५, आणि वर १ पडण्याचा धोकाही नाही. अपेक्षित मूल्याची ही युक्ती हॉयगेन्सने १६५७मध्ये फाशांच्या जुगारावर लिहिताना मांडली होती. आपल्याकडे नलोपाख्यानातला ऋतुपर्ण राजा रथात बसल्या बसल्या बेहड्याच्या झाडाची पानं आणि फळं सांगतो, आणि फाशांची विद्याही त्याच्याचकडे असते. मोजणी आणि जुगार यांचं नातं महाभारतकारांच्याही नजरेतून सुटलेलं नव्हतं.

कॉम्प्युटर आल्यावर पहिल्या वीस वर्षांत या गणितात फारसं नवं काही घडलं नाही. इलिनॉयच्या प्लेटो यंत्रणेवरचे १९७५चे खेळ, एसेक्स विद्यापीठातलं १९७८चं ‘मड’, कोपनहेगनच्या विद्यार्थ्यांचं १९९१चं ‘डिकूमड’, सगळे तेच पॉइंट आणि तेच फासे पडद्याआड टाकत होते. खरा बदल झाला तो वेळेत. टेबलावर सगळ्यांची पाळी येते. ऑनलाइन जगात घड्याळ सतत चालतं, आणि मग एका घावानंतर दुसरा किती वेळाने, हा प्रश्न हत्याराला चिकटतो. १९९९च्या ‘एव्हरक्वेस्ट’मध्ये हत्यारावर दोन आकडे असत, डॅमेज आणि डिले. डिले सेकंदाच्या दहाव्या हिश्शात. ८ डॅमेज आणि २४ डिले म्हणजे दर २.४ सेकंदांना ८, म्हणजे सेकंदाला सव्वातीनच्या वर थोडं. भागाकार खेळाडूने स्वतः करायचा. ‘रेशो काय?’ हा तिथल्या बाजारातला पहिला सवाल.

२००४मध्ये ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ने तो भागाकार करूनच दिला. हत्यारावर माऊस नेला की खाली लिहिलेलं, सेकंदाला अमुक डॅमेज. वाटलं असेल, आता वाद मिटला. उलट तो इथे पेटला. त्या गेममध्ये अंगच्या ताकदीला ‘अटॅक पॉवर’ म्हणत आणि दर १४ अटॅक पॉवरला सेकंदामागे १ डॅमेज वाढे. ही वाढ घावाला देताना हत्याराच्या वेगाने गुणत. १,४०० अटॅक पॉवर म्हणजे सेकंदाला १०० जास्त. ३.८ सेकंदांना एकदा फिरणाऱ्या ‘आर्केनाइट रीपर’ या कुऱ्हाडीच्या घावाला ३८०, तर २.४ सेकंदांच्या तलवारीला २४०. चालू लढाईत दोन्ही सारखेच, कारण तलवार जास्त वेळा फिरते. पण योद्ध्याकडे काही झटपट घाव असत जे या घड्याळाला बांधलेले नव्हते. बटण दाबलं की लगेच एक घाव, हातातल्या हत्याराच्या हिशेबाने. मग हातात मंद, जड कुऱ्हाडच हवी! छापील डीपीएस कमी असलेलं हत्यार जास्त मारू लागलं, आणि ज्यांना हे कळलं त्यांनी मैदानं मारली. शेवटी कंपनीने या घावांसाठी ठरावीक वेग नेमून दिले: दोन हातांच्या हत्याराला ३.३, एका हाताच्या हत्याराला २.४, खंजिराला १.७. हातात काहीही असो.

इथपासून एक पाठशिवणीचा खेळ सुरू झाला. कंपनी आकडा दाखवते, खेळाडू त्याच्या मागचं सूत्र शोधतात, सूत्रातली फट सापडते, कंपनी फट बुजवते, म्हणजे हत्याराला ‘नर्फ’ करते. खेळाडू पुन्हा मोजायला बसतात. या मोजणीला इंग्रजीत ‘थिअरीक्राफ्ट’ हे नाव पडलं ते ‘स्टारक्राफ्ट’ खेळणाऱ्यांमुळे. लवकरच लढाईच्या नोंदी वाचून कोण किती मारतंय याची उतरंड पडद्यावर दाखवणारे मीटर आले, आणि चाळीस जणांच्या टोळीत चाळिसावा कोण हे सगळ्यांना दिसू लागलं. आपण मेलो तरी चालेल, मीटरवर वर दिसलं पाहिजे, अशी जमात तेव्हापासूनची. या वेडाची थट्टाही लगेच झाली. २००५मधल्या एका प्रसिद्ध व्हिडिओत टोळीतला एक जण गंभीरपणे हिशेब करून जगण्याची शक्यता ३२.३३ टक्के, पुढे आवर्ती, अशी सांगतो, आणि तेवढ्यात लीरॉय जेन्किन्स नावाचा गडी स्वतःच्या नावाची आरोळी ठोकत एकटाच आत घुसतो.

आपल्याकडे हे गणित मोबाइलवरून आलं. ‘पब्जी’ २०२०च्या सप्टेंबरमध्ये बंद झाली, २०२१च्या जुलैत ‘बीजीएमआय’ आली, पण कट्ट्यावरची चर्चा तीच: ‘एकेएमचा डॅमेज बघ ना’, ‘अरे पण फायर रेट?’ या चर्चेत एक मजा दडलेली असते. समजा दोन बंदुका आहेत. एकीची गोळी ५० मारते आणि दर ०.१ सेकंदाला सुटते, दुसरीची ४० मारते आणि दर ०.०८ सेकंदाला. दोघींचा डीपीएस ५००, तंतोतंत सारखा. समोरच्याचे पॉइंट १००. अंगात वेस्ट, म्हणजे चिलखती जाकीट, नसेल तर पहिलीला २ गोळ्या लागतात, म्हणजे पहिली गोळी सुटल्यापासून ०.१ सेकंद. दुसरीला ३ लागतात, म्हणजे ०.१६. गडी उघडा असेल तर पहिली बंदूक दीडपटीहून जलद. आता ४० टक्के मार अडवणारं वेस्ट घाला: ३०च्या ४ गोळ्या, ०.३ सेकंद; २४च्या ५ गोळ्या, ०.३२. फरक जवळपास पुसला. ५५ टक्क्यांचं लेव्हल ३ वेस्ट असेल तर २२.५च्या ५ गोळ्या आणि १८च्या ६, दोन्हीकडे ०.४. पट्टी लहान असली की शेवटच्या गोळीतला वाया गेलेला मार मोठा ठरतो, ती लांबली की सरासरी खरी होत जाते. म्हणून माणसांशी लढताना ‘किती वेळात मरतो’ हे बघायचं आणि महाकाय बॉसशी लढताना डीपीएस. कट्ट्यावरचे दोघंही बरोबर असतात, फक्त वेगवेगळ्या वेस्टबद्दल बोलत असतात.

मांडणीची सगळ्यात पुढची पायरी मला दिसते ती कॅनडातल्या डिजिटल एक्स्ट्रीम्सच्या ‘वॉरफ्रेम’मध्ये, २०१३पासून चालू असलेल्या. तिथे हत्यार नुसता सापळा असतं आणि त्यात ‘मॉड’ नावाची पत्ती बसवायची. ‘सेरेशन’ पूर्ण वाढवली की मूळ डॅमेजवर १६५ टक्के जास्त: १००चे २६५. आता दुसरी कुठली घ्यावी? ‘हेवी कॅलिबर’ही १६५ टक्केच देते, पण ती पहिलीच्याच खात्यात जमा होते, म्हणून ४३०. ‘स्प्लिट चेंबर’ ९० टक्केच देते, पण ती जादा गोळ्यांच्या रूपात, वेगळ्या खात्यात. २६५ गुणिले १.९, म्हणजे ५०३.५. छोटा आकडा मोठ्याला हरवतो, कारण एक बेरजेत बसतो आणि दुसरा गुणाकारात. क्रिटचं खातं आणखी वेगळं: ३० टक्के वेळा दुप्पट मार म्हणजे सरासरी १.३ पट. चांगलं बिल्ड, म्हणजे पत्त्यांची जुळणी, बनवणं म्हणजे मोठे आकडे गोळा करणं नव्हे, वेगवेगळी खाती भरणं. घर चालवणाऱ्या कुणालाही हे पटकन कळेल, पण बारावी सायन्सची पोरं इथे हमखास घसरतात.

समोरच्याचं चिलखतही तिथे सूत्रात आहे, आणि बरीच वर्षं ते सूत्र असं होतं: चिलखत भागिले चिलखत अधिक ३००. चिलखत ३०० असेल तर अर्धा मार अडे, २,७०० असेल तर ९० टक्के. टक्के वाढेनासे होतात म्हणून चिलखताचा फायदा घटत जातो असं वाटतं, पण उलट बाजूने बघा. १,००० पॉइंटवाल्याला मारायला ३०० चिलखतावर २,००० मार लागे, ६०० वर ३,०००, २,७०० वर १०,०००. दर ३०० चिलखतामागे १,००० पॉइंट, सरळ रेषेत. प्रॅटने पत्र्याची जाडी सूत्रात घालून जहाजाचे पॉइंट काढले होते, तोच हिशेब सत्तर-ऐंशी वर्षांनी एका काल्पनिक सैनिकाच्या छातीवर आला.

आकडे मात्र वाढतच जातात, कारण दर नव्या भागात जुन्याहून भारी हत्यार द्यावं लागतं. ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’मध्ये दहा वर्षांत बॉसचे पॉइंट कोटींच्या घरात गेले. कॉम्प्युटरची ३२ बिटची पूर्णांक संख्या २,१४,७४,८३,६४७ वर थांबते, आणि माणसाची नजर तर त्याच्या कितीतरी आधी. २०१४मध्ये कंपनीने जगातल्या सगळ्याच गोष्टी दाबून लहान केल्या: हत्यारं, चिलखतं, राक्षस, खेळाडू, सगळे. याला ‘स्क्विश’ म्हणतात. काल लाखात मारणारा योद्धा आज काही हजारांवर आला. गुणोत्तरं तीच आहेत, कुणी दुबळं झालेलं नाही, असं कंपनीने वारंवार सांगितलं. तरी खेळाडू शहरातल्या सरावाच्या पुतळ्यांपाशी गेले आणि मीटर लावून पुन्हा मोजायला लागले. २०१८मध्ये दुसरा स्क्विश झाला तेव्हाही तेच.